फासेपारधी कुटुंब, १९५० पूर्वीचा एकही कागद नाही: जमातीचा दाखला आणि पडताळणी कशी करावी? (कोल्हापूर जिल्हा)

पंचगंगातीर

नमस्कार. मी कोल्हापुरातील एका कनिष्ठ महाविद्यालयात शिकवतो. माझी एक विद्यार्थिनी शिरोळ तालुक्यातील एका गावाबाहेर माळावरच्या वस्तीत राहते. कुटुंब फासेपारधी आहे, आडनाव पवार आहे. यंदा ती बारावी विज्ञानाला असून तिला पुढे बी.एस्सी. नर्सिंगला जायचे आहे.

अडचण कागदांची आहे. आजोबा शाळेत गेले नाहीत. जमीन कधीच नव्हती, त्यामुळे सातबारा, फेरफार, आठ-अ यांपैकी काहीही निघत नाही. आजोबांचा जन्म पालावर झाला आणि त्याची नोंद कोणत्या गावाच्या कोतवाल बुकात असेल, असे घरच्यांना वाटत नाही. वडील चौथीपर्यंत शिकले. त्यांच्या शाळेच्या रजिस्टरला ‘हिंदू पारधी’ अशी नोंद आहे. थोरल्या चुलत्यांच्या नावापुढे जातीचा रकाना कोरा आहे. मुलीच्या स्वतःच्या नोंदीत ‘हिंदू फासेपारधी’ असे आहे. एका सेवा केंद्रावर तिच्या वडिलांना ‘पन्नासपूर्वीचा पुरावा आणा, त्याशिवाय अर्ज चढवता येत नाही’ असे सांगून परत पाठवले, आणि आडनाव ऐकून ‘मग तुम्ही मराठाच की’ असेही सुनावले.

ज्या कुटुंबाच्या आधीच्या पिढ्यांना शाळा, जमीन आणि गाव यांपैकी काहीच मिळाले नाही, त्याने पन्नासपूर्वीचा कागद आणायचा कुठून? जाणकारांनी मार्ग सांगावा. आरक्षण असावे की नसावे, ही चर्चा कृपया इथे नको.

अव्वल_कारकून

सर, आधी दोन गोष्टी वेगळ्या करा, कारण सेवा केंद्रावर त्यांची नेहमी गल्लत होते. जमातीचा दाखला प्रांत, म्हणजे उपविभागीय अधिकारी, देतात. शिरोळ तालुका इचलकरंजीच्या प्रांतांकडे येतो. तो दाखला खरा की खोटा हे मात्र पडताळणी समिती ठरवते. आपल्याकडचा जात प्रमाणपत्रांचा कायदा २००० चा आहे, १८ ऑक्टोबर २००१ पासून तो लागू झाला, आणि त्याच्या कलम ४ प्रमाणे प्रांतांचा दाखला समितीच्या पडताळणीच्या अधीन राहूनच ग्राह्य धरला जातो. म्हणून दाखला हातात आला की काम झाले असे समजू नये. शिवाय कोल्हापुरात विचारे माळावरच्या सामाजिक न्याय भवनात जी जिल्हा समिती आहे ती अनुसूचित जाती, विमुक्त-भटक्या आणि इतर मागासवर्गीयांसाठी आहे. अनुसूचित जमातीचे दावे आदिवासी विकास विभागाच्या समितीकडे जातात आणि आपल्या जिल्ह्यासाठी ती पुण्यात आहे. प्रवेशाच्या तोंडावर कित्येक पालक चुकीच्या दारात उभे असतात, ते यामुळेच.

पन्नासपूर्वीच्या पुराव्याचा आग्रह कुठून आला, हेही समजून घ्यावे. राष्ट्रपतींनी अनुसूचित जमातींचा आदेश ६ सप्टेंबर १९५० रोजी काढला, म्हणून त्या दिवशी कुटुंब कुठे राहत होते आणि कोण म्हणून ओळखले जात होते, हे पाहतात. अनुसूचित जातींसाठी हाच दिनांक १० ऑगस्ट १९५० आहे, विमुक्त-भटक्यांसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७. त्या दिनांकापूर्वीचा कागद असला तर तो सर्वांत वजनदार पुरावा ठरतो, परंतु तो नाही म्हणून अर्जच घ्यायचा नाही, असे कायद्यात कुठेही लिहिलेले नाही. अर्ज दाखल करा. नाकारला तर कारणासह लेखी आदेश मागा. त्यावर कलम ५ प्रमाणे तीस दिवसांत अपील करता येते. तोंडी नकारावर अपील होत नसते, आणि तोंडी नकार देणाऱ्याला हे चांगले माहीत असते.

आता शोधाविषयी. शिरोळ तालुका म्हणजे सगळा कोल्हापूर संस्थानचा मुलूख असे धरून चालू नका, कारण कुरुंदवाड हे वेगळे संस्थान होते. कोल्हापूर संस्थान १ मार्च १९४९ रोजी मुंबई राज्यात विलीन झाले, तोवरचे इथले दप्तर संस्थानी पद्धतीचे आहे. शाहू महाराजांनी १९१७ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचे आणि मोफत केल्यामुळे करवीर इलाख्यात गरिबाघरच्या मुलाचेही नाव शाळेच्या जुन्या जनरल रजिस्टरात सापडण्याची शक्यता आसपासच्या मुलखापेक्षा अधिक आहे, आणि महाराजांनी फासेपारध्यांना संस्थानच्या चाकरीत घेतले होते हेही लक्षात ठेवा. फक्त आजोबांचे नाव शोधत बसू नका. पणजोबांची सगळी मुले, आजोबांचे चुलत भाऊ, म्हणजे वडिलांकडच्या रक्तनात्यातील जो कोणी वंशावळीत बसतो त्याची नोंद चालते. वस्ती जिथे जिथे हलली त्या प्रत्येक गावाची शाळा आणि गाव नमुना १४ (जन्म-मृत्यूची नोंदवही) पाहा. लहानपणी दगावलेल्या मुलाच्या मृत्यूची नोंदसुद्धा उपयोगी पडते.

पारध्यांच्या बाबतीत आणखी एक दप्तर आहे आणि ते बहुतेक जण विसरतात. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली, आणि त्याच्या पुढच्या सुधारित कायद्यांखाली, या लोकांची जमातीच्या नावासह नोंदणी होत असे, हजेरी घेतली जात असे, आणि सोलापूर, हुबळी अशा ठिकाणी तारेच्या कुंपणात सेटलमेंट वसवल्या होत्या. कायदा १९५२ मध्ये रद्द झाला. कुटुंबातील कोणी तिथे होते का, हे घरातील म्हाताऱ्या माणसांना विचारा.

मोडीवाचक

वरील प्रतिसादाला एक पुरवणी. संस्थानकाळातील कागद बहुतांशी मोडीत आहेत आणि त्यांत आडनाव अनेकदा नसतेच. व्यक्तीचे नाव, बापाचे नाव आणि जात एवढेच असते. त्यामुळे ‘पवार’ शोधायला गेलात तर हाती काही लागणार नाही. बापलेकांच्या नावांची जोडी घेऊन शोधा. पान सापडले तर मूळ मोडी पानाची प्रमाणित नक्कल आणि मान्यताप्राप्त वाचकाने केलेले देवनागरी लिप्यंतर, अशी दोन्ही जोडा. नुसते टंकलिखित लिप्यंतर दिले तर समितीसाठी चौकशी करणारे दक्षता पथक मूळ पान मागणारच.

करवीर_वकील

प्रश्नाची कायदेशीर बाजू मांडतो. कलम ८ नुसार दावा सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावर आहे, हे खरे आहे. तरीही सर्वोच्च न्यायालयाने ‘आनंद विरुद्ध पडताळणी समिती’ या २०११ च्या निकालात असे म्हटले आहे की, स्वातंत्र्यपूर्व कागदाला अधिक वजन द्यावे. मात्र अर्जदाराची पिढी शाळेत जाणारी पहिलीच असेल तर कागद मिळणे अवघड असते, एवढ्यावरून दावा फेटाळता येत नाही, उलट अशा अर्जदाराला संशयाचा काही फायदा द्यायला हरकत नाही. हा निकाल हलबी जमातीच्या दाव्यातला आहे. तुमच्या विद्यार्थिनीच्या घरात वडील चौथीपर्यंत गेले एवढाच फरक आहे, त्यामुळे त्यातील तत्त्व तुमच्या अर्जाला बऱ्याच अंशी लागू करून घेता येईल. अर्जात त्याचा उल्लेख नावानिशी करा.

त्याच निकालात आप्तभाव चाचणीचाही विचार झालेला आहे. कुळ, देवदेवता, लग्नविधी, अंत्यविधी, बोली यांविषयी प्रश्न विचारून अर्जदाराचे त्या जमातीशी नाते तपासतात, तिला आप्तभाव म्हणतात. पिढ्या बदलल्या, शहरीकरण झाले, की चालीरीती बदलतात, म्हणून केवळ या चाचणीवर दावा नाकारू नये, ती कागदांच्या जोडीला वापरावी, असे न्यायालयाने सांगितले. २४ मार्च २०२३ रोजी ठाकूर जमातीच्या स्वरक्षण समितीच्या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हीच भूमिका पक्की केली आणि प्रत्येक प्रकरण दक्षता पथकाकडे पाठवलेच पाहिजे असेही नाही, हे स्पष्ट केले. कागदांवरून समितीचे समाधान होत असेल तर चौकशीविना वैधता प्रमाणपत्र देता येते.

नोंदींचे म्हणाल तर ‘पारधी’ आणि ‘फासेपारधी’ ही नावे जमातींच्या यादीत एकाच नोंदीखाली आहेत, त्यामुळे वडील आणि मुलगी यांच्या कागदांत विसंगती नाही. चुलत्यांचा कोरा रकाना काहीच सांगत नाही. तो विरोधी पुरावा नव्हे. तो कागद लपवू मात्र नका, कारण शालेय चौकशीत तो निघतोच, आणि लपवलेला कागद सापडला की बाकीच्या खऱ्या कागदांवरही संशय येतो.

वारणाकाठ

चर्चा सुरूच आहे म्हणून विचारतो. आम्ही शाहूवाडी तालुक्यातील कोळी. आजोबा-पणजोबांच्या सर्व जुन्या नोंदी ‘हिंदू कोळी’ अशा आहेत. दूरच्या भावकीतील एकाने ‘महादेव कोळी’ असा दाखला काढून वैधताही मिळवली आहे. एक मध्यस्थ सांगतो की आजोबांच्या रजिस्टरातील नोंदीत ‘महादेव’ हा शब्द बसवून देतो, पुढचे तो बघतो. मुलाची वैद्यकीय प्रवेशपरीक्षा आहे. या मार्गाने जावे का?

राजूरकर

मी अकोले तालुक्यातील महादेव कोळी आहे, म्हणून थोडे स्पष्ट लिहितो. राग मानू नये. कळसूबाईच्या पायथ्याच्या आमच्या गावांतून आजही मुले आश्रमशाळेत राहून शिकतात, आणि त्यांच्यासाठी असलेली वैद्यकीयची एक जागा कोणी ‘महादेव’ हा शब्द बसवून घेतला, तर ती कोणाच्या ताटातून गेली हे आम्हाला नावानिशी माहीत असते. तो मध्यस्थ तुम्हाला जे विकतो आहे ते जुने झाले आहे. दक्षता पथक जनरल रजिस्टराचे मूळ पान पाहते. शाईचा रंग, अक्षराचे वळण, दोन शब्दांमध्ये कोंबलेला तिसरा शब्द, हे सगळे त्यांच्या अहवालात येते.

सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०१७ मध्ये अन्न महामंडळाच्या प्रकरणात सांगितले की दावा खोटा ठरला तर त्यावर मिळवलेली नोकरी किंवा पदवी टिकवून ठेवता येणार नाही, वर्षे किती लोटली याला महत्त्व नाही. पुढे शासनाने २१ डिसेंबर २०१९ च्या निर्णयाने अशा कर्मचाऱ्यांना अधिसंख्य, म्हणजे मंजूर पदांखेरीज तात्पुरत्या निर्माण केलेल्या, पदांवर नेले. त्या पदांवरच्या लोकांची पोरेबाळे आज काय भोगतात ते पाहा आणि मग ठरवा.

या धाग्यातील मुलीला जो त्रास होतो आहे त्याचे मूळही मला इथेच दिसते. खोटे दावे वाढले म्हणून पडताळणी कडक झाली, आणि कडक पडताळणीत सर्वांत आधी अडकतो तो पालावर जन्मलेला माणूस, कारण खोटा दावा करणाऱ्याकडे निदान कागद तरी असतात.

करवीर_वकील

वारणाकाठ यांना: त्या मार्गाने जाऊ नका. तुमच्यासारखीच वस्तुस्थिती १९९४ च्या माधुरी पाटील निकालात होती. वडिलांच्या जुन्या नोंदीत ‘हिंदू कोळी’ आणि दावा महादेव कोळीचा, वैद्यकीय प्रवेशासाठी. दावा फेटाळला गेला आणि त्याच निकालातून आजची तीन सदस्यांची समिती, पोलीस उपअधीक्षकाच्या देखरेखीखालील दक्षता पथक, अहवाल विरुद्ध गेल्यास कारणे दाखवा नोटीस, ही सगळी रचना उभी राहिली. नंतर मिलिंद प्रकरणात, २८ नोव्हेंबर २००० रोजी, घटनापीठाने सांगितले की राष्ट्रपतींच्या आदेशातील नावे जशी आहेत तशीच वाचायची. ‘हलबा-कोष्टी म्हणजे हलबाच’ असे पुराव्याने सिद्ध करू देता येणार नाही. यादीत कोळी महादेव, डोंगर कोळी, मल्हार कोळी, टोकरे कोळी, ढोर कोळी ही नावे आहेत, नुसते ‘कोळी’ नाही. कोळी समाज विशेष मागास प्रवर्गात येतो. तो तुमचा हक्काचा दाखला आहे आणि त्याची पडताळणी कोल्हापुरातच होते.

तुम्ही कोल्हापूरचे आहात, जुन्नर-अकोल्याचे नाही, एवढ्याच कारणाने दावा नाकारता येत नाही, कारण १९७६ च्या दुरुस्ती कायद्याने राज्यातील क्षेत्रबंधन (ठरावीक भागातील लोकांनाच त्या जमातीचे मानण्याची अट) उठले आहे. पण बंधन उठले म्हणून कागदावर नसलेला शब्द कागदावर येत नाही. भावकीतील वैधतेचा आधार वडिलांकडच्या रक्तनात्यातच मिळतो, आणि ती वैधता रीतसर चौकशी होऊन दिली होती का, हे समिती पाहू शकते. खोटा दाखला मिळवणाऱ्याला कलम ११ खाली सहा महिने ते दोन वर्षे सक्तमजुरी किंवा दंड आहे, आणि मध्यस्थ तुमच्याबरोबर आत येईलच असे नाही.

वारणाकाठ

समजले. विशेष मागासचा दाखला काढतो. धन्यवाद.

पंचगंगातीर

सर्वांचे आभार. घरी चौकशी केली. आजोबांचे सख्खे चुलते सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये होते, असे आजी सांगतात; त्यांच्या मुलाचे नाव तिथल्या शाळेत घातले होते, हेही त्यांना आठवते. मात्र मुलीचे वडील तो कागद काढायला तयार नाहीत. गुन्हेगारांच्या यादीतील नाव आपण होऊन सरकारपुढे ठेवले तर पोलीस पुन्हा दारात येतील, अशी त्यांना भीती वाटते. शिवाय दक्षता पथकात पोलीसच असतात, हे ऐकल्यापासून त्यांनी अर्जाचा विषयच बंद केला आहे.

माळावरची

सर, मी फासेपारधी आहे, आमची वस्ती सांगलीकडे आहे. मी परिचारिका म्हणून नोकरी करते आणि माझी पडताळणी झालेली आहे. मुलीच्या वडिलांची भीती खोटी नाही. गावात कोंबडी चोरीला गेली तरी जीप आमच्या वस्तीकडे वळते, त्यामुळे गणवेशातला किंवा बिनगणवेशातला माणूस वहीपेन घेऊन आला की बायका मुलांना घेऊन उसात जातात. पथक आले तेव्हा वस्तीवर कोणी सापडले नाही, असा शेरा एकदा पडला की तो पुढे भारी पडतो. म्हणून पथक येणार हे आधी कळेल अशी व्यवस्था करा, आणि त्या दिवशी तुम्ही स्वतः तिथे बसा. शिकवणारे गुरुजी शेजारी असले की म्हातारी माणसे बोलतात.

आमच्याकडे प्रश्न विचारले ते देवीचे, देवाचे गाठोडे कोणाच्या घरी असते, त्याला कोण शिवत नाही, लग्न कोण ठरवते, पंचायत कशी बसते, फासे कशाचे करतात आणि तितर कसा धरतात, असे. माझ्या वडिलांनी आयुष्यात फासा लावलेला नाही, ते ऊसतोडीला जातात, आणि त्यांनी तसेच सांगितले. आजीने मात्र दोरी मागितली आणि फासा बांधून दाखवला. कोणी आधी पाठ करून घेतलेली उत्तरे देऊ नयेत. आमच्या वस्तीवर एका घराला कोणीतरी पुस्तकातले विधी लिहून दिले होते. त्यांची आजी एक सांगत होती आणि नातू दुसरेच. आणि आजीला आमच्याच बोलीत बोलू द्या. आमची बोली गुजरातीच्या जवळची आहे, ती शिकवून येत नाही, हे ऐकणाऱ्यालाही कळते.

सेटलमेंटच्या कागदाबद्दल: माझ्या आजोबांचे नाव सरकारी कागदावर आयुष्यात एकदाच आले, आणि ते त्याच वहीत. मी तो उतारा जोडला. जोडताना आईने मला विचारले होते की हा कागद दाखवून तुला नोकरी देणार का. तिला तेव्हा मी नीट उत्तर देऊ शकले नाही, पण दावा त्या कागदावरच टिकला.

राजूरकर

जोडा. यापेक्षा चांगला पुरावा मिळणार नाही.

करवीर_वकील

वडिलांना हेही समजावून सांगा की तो कायदा संपूर्ण जमातीची नोंद करत असे. त्या वहीत नाव असणे म्हणजे शिक्षा झालेली असणे नव्हे, आणि १९५२ नंतर त्या नोंदीला कोणताही परिणाम उरलेला नाही. तिचा आज उपयोग एवढाच की सरकारच्याच हाताने, पन्नासपूर्वी, या रक्ताच्या माणसापुढे जमातीचे नाव लिहिले गेले आहे.

दक्षता अहवाल विरुद्ध गेला तर त्याची प्रत नोटिशीबरोबर मिळायला हवी. न मिळाल्यास ती मागितल्याशिवाय खुलासा देऊ नका. खुलाशाची मुदत साधारण दोन आठवड्यांची असते, म्हणून नोटीस ज्या पत्त्यावर येईल तो पत्ता वस्तीचा न देता टपाल खात्रीने पोहोचेल असा द्या. समितीच्या निर्णयावर दुसऱ्या कोणत्याही कार्यालयात अपील नाही, फक्त उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली याचिका करता येते. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्यामुळे या भागातील गरीब अर्जदाराला मुंबईचा खर्च परवडत नाही म्हणून गप्प बसण्याची वेळ आता कमी येईल.

अव्वल_कारकून

सोलापूरचा उतारा मिळाला तर तो एकटा पाठवू नका. आजोबांचे चुलते ते मुलगी, अशी वंशावळ शपथपत्रावर करा. तीत प्रत्येक पायरीला निदान एक कागद हवा. जिथे कागद नाही तिथे वस्तीवरील आणि गावातील वृद्धांचे जबाब घ्या, पोलीस पाटलांचाही घ्या. वडिलांच्या शाळेतून छापील दाखला न घेता जनरल रजिस्टराच्या पानाचा प्रवेश-निर्गम उतारा मुख्याध्यापकांच्या सही-शिक्क्यानिशी घ्या. चुलत्यांचा कोरा रकाना आता भरून घेण्याच्या भानगडीत पडू नका. शाळा सोडल्यानंतर असा बदल सहज होत नाही आणि झालाच तर त्याची तारीख सगळ्यांना दिसते.

शेवटची गोष्ट नावांची. अशा घरांत एकाच माणसाचे नाव शाळेत एक, आधारवर दुसरे आणि मतदार यादीत तिसरे असते. सगळी नावे एकाच व्यक्तीची आहेत, असे शपथपत्र अर्ज करतानाच जोडा, आणि वंशावळीतही प्रत्येक नावापुढे त्याची इतर नावे लिहा. उतारे हातात आले की इथे कळवा. वंशावळीचा मसुदा मी पाहून देतो.